दाणा आला, रीत मागे राहिली

*आक्का, सप्रेम नमस्कार.*

*मी निपाणीजवळच्या एका गावातली. शाळवासाठी राखायचं चार एकर रान आमच्या ह्यांनी यंदा पावसाळ्यातच मक्याखाली घेतलं. पीक चांगलं आलं, पण दर पडला. म्हणून सात-आठ पोती विकली नाहीत, घरात ठेवली. म्हटलं, दळून भाकरी करावी. पहिल्याच दिवशी सासूबाईंनी ताट बाजूला सारलं. त्यांचं माहेर गोकाककडचं. म्हणाल्या, "गोविनजोळ जनावराला घालायचं असतंय, माणसाला नाही. आणि देवाच्या नैवेद्याला तर शिवायचंसुद्धा नाही." मामंजींना साखर आहे, ते घाबरून खात नाहीत. मुलगी बेळगावात कॉलेजला आहे. ती म्हणते, सगळं जग मका खातं, रोज सकाळी कॉर्नफ्लेक्स खा. दिरांनी फोनवर फोटो पाठवला, होयसळांच्या देवळात मूर्तीच्या हातात मक्याचं कणीस आहे, म्हणजे मका मुळात आपलाच. मधल्यामध्ये मी रोज दोन तऱ्हेच्या भाकऱ्या थापते. मका माणसाचं अन्न आहे की नाही, एवढं एकदा सांगा. आणि सासूबाईंना कसं समजावू?*

*— एक सून, निपाणी भाग*

बाळ,

उत्तर लांबणार आहे. पण एक काम आजच कर, मग पुढचं वाच.

पोती उघड. प्रत्येक पोत्यात कोपरापर्यंत हात घाल, तळाची मूठ काढ आणि उन्हात नेऊन बघ. दाण्याच्या टोकाला हिरवट किंवा काळपट बुरशी, कुबट वास, हाताला ओलसर-कोमट लागणं, यातलं काहीही आढळलं तर ते पोतं गेलं असं समज. ते माणसाला द्यायचं नाही, म्हशीला नाही आणि कोंबड्यांनाही नाही. ओल्या मक्यावर एक बुरशी वाढते आणि अफ्लाटॉक्सिन नावाचं विष सोडते. ते यकृताला धरतं. भाकरी कितीही खरपूस भाजली तरी ते जात नाही. १९७४ साली गुजरात-राजस्थानच्या सीमेवर, पंचमहाल आणि बांसवाड्याच्या आदिवासी गावांत, कापणीच्या वेळी अवेळी पाऊस पडला. भिजलेला मका तसाच घरात आला. घरात दुसरं धान्य नव्हतं, म्हणून लोक तोच खात राहिले. शंभराहून अधिक माणसं काविळीने गेली. त्यांच्या घरचं उष्टं खाणारी कुत्रीही गेली.

दाणा चांगला असेल तर दोन-तीन उन्हं दे. दाताखाली कट्‌कन फुटला पाहिजे, दबता कामा नये. मग फळीवर, भिंतीपासून हातभर लांब ठेव. आणि पेरणीच्या बियाण्याची उरलेली पिशवी त्यात कुणी ओतलेली नाही ना, हेही विचार. त्या दाण्याला गुलाबी औषध चोळलेलं असतं.

आमच्या खानापूरच्या घरी एका श्रावणात माझ्या आईने माळ्यावरची सगळी कणसं उकिरड्यावर नेऊन टाकली होती. वडील दोन दिवस तिच्याशी बोलले नाहीत. आईला अफ्लाटॉक्सिन हा शब्द माहीत नव्हता, तिने फक्त वास घेतला होता. तुझ्या सासूबाईंबद्दल लिहायला बसले आणि मला तीच आठवली.

त्यांचा शब्द बघ. गोविनजोळ. गोविन म्हणजे गायीचं, जोळ म्हणजे जोंधळा. गोकाक, सौंदत्ती, धारवाडकडे मक्याला हेच नाव. आपण मराठीत नुसतं मका म्हणतो, त्यात गाय कुठे दिसत नाही. म्हणून तुला त्या शब्दाची बोच कळत नाही. त्यांच्या तोंडात मात्र तो शब्द पाळण्यापासून आहे. ताटात मक्याची भाकरी पडली की त्यांना पहिल्यांदा गोठा दिसतो. आपल्या भागात एका चुलीवर दोन भाषा शिजतात, त्यात असं होतं. तुला भाकरी दिसली, त्यांना वैरण. तो तुझा अपमान होता, हे आधी मनातून काढ.

आता तू विचारलेलं. मका माणसाचं अन्न आहे, आणि पक्कं आहे. पण सासूबाईंचा संशयही पोकळ नाही. या दाण्यावर संशय घ्यावा असं जगात दोनशे वर्षं घडत होतं, आणि ते का घडलं हे कळलं की तुझ्या स्वयंपाकघरात काय करायचं तेही कळेल.

मक्याचं माहेर मेक्सिको. तिथल्या नैऋत्य भागात बाल्सास नदीच्या खोऱ्यात तेओसिंते नावाचं रानगवत उगवतं. त्याच्या कणसाला पाच ते बारा दाणे, आणि प्रत्येक दाण्यावर दगडासारखं टरफल. आजपासून सुमारे नऊ हजार वर्षांपूर्वी तिथल्या माणसांनी या गवतातली बरी बरी ताटं निवडून पेरायला सुरुवात केली. पिढ्यान्‌पिढ्या निवड करत त्यांनी त्यातून मका घडवला. तुझ्या ह्यांच्या रानातलं एखादं कणीस घे आणि सोलून बघ. प्रत्येक केसाचं दुसरं टोक एकेका दाण्यापाशी असतं, एक केस एक दाणा. जो केस फळला नाही, तिथे दाणा नाही. आणि दाण्यांच्या ओळी मोज, सम संख्या येईल. असं घट्ट बांधलेलं कणीस माणसाने सोलून पेरल्याशिवाय पुढच्या पिढीला जन्म देऊ शकत नाही. जोंधळ्याचा दाणा गळून कुठेतरी उगवेल, मक्याला माणूसच लागतो. माया लोकांच्या कथेत तर देवांनी माणूस आधी मातीचा करून पाहिला, मग लाकडाचा, आणि दोन्ही फसल्यावर मक्याच्या पिठाचा केला, तेव्हा तो टिकला. ज्या धान्याला लोक आपलं शरीर मानतात, ते त्यांनी गुरांपुढे टाकण्यासाठी सांभाळलेलं नसतं. हे सासूबाईंना जरूर सांग.

पण त्या लोकांनी रोजच्या भाकरीसाठी मका नुसता दळून घेतला नाही. तिथली बाई वाळलेला दाणा राखेच्या किंवा चुन्याच्या पाण्यात शिजवायची, रात्रभर तसाच ठेवायची, सकाळी चोळून साल काढायची, धुवायची आणि मग पाट्यावर ओला वाटायची. या शिजवलेल्या दाण्याला त्यांच्या भाषेत जे नाव आहे, निक्स्तामाल, त्यातच राख हा शब्द आहे. ही रीत तीन हजार वर्षांहून जुनी. तिने दाणा मऊ होतो, पीठ चिकट होऊन भाकरी तुटत नाही, हे तर त्या बाईला डोळ्यांनी दिसत होतं. न दिसणारी गोष्ट अशी की मक्यात नायसिन नावाचं एक जीवनसत्त्व असतं, पण ते कुलूपबंद असतं. पोटात गेलं तरी अंगी लागत नाही. चुना ते कुलूप उघडतो. शिवाय मक्याच्या शेजारी, त्याच रानात, त्याच ताटावर चढवलेला घेवडा आणि खाली पसरलेला भोपळा असायचा. ताटातही ते तिघं एकत्रच. मक्याच्या प्रथिनात जे कमी, ते घेवडा भरून काढायचा.

१४९२ मध्ये कोलंबसच्या माणसांनी क्युबात मका पाहिला आणि दाणा जहाजात चढला. पुढच्या शतकात तो स्पेन, इटली, आफ्रिका करत पोर्तुगीजांच्या हातून आपल्याकडे आला असं बहुतेक अभ्यासक मानतात. जहाजात दाणा आला. चुन्याचं पातेलं आलं नाही. ज्या बायांना ती रीत ठाऊक होती, त्यांना विचारायला कोणी थांबलं नाही.

मग काय झालं ते ऐक. उत्तर स्पेनमध्ये १७३५ साली गास्पार कासाल नावाच्या वैद्याने एक नवा आजार टिपून ठेवला. गरीब शेतकरी, मुख्य खाणं मका. उन्हाला उघड्या पडणाऱ्या कातडीवर लाल-काळे चट्टे, गळ्याभोवती तर माळ घातल्यासारखा पट्टा. त्यानंतर जुलाब, मग भ्रम, मग मरण. उत्तर इटलीत शेतमजूर पोलेंता नावाची मक्याची घट्ट पेज तिन्ही त्रिकाळ खायचे, तिथे हाच आजार गावेच्या गावे धरून बसला. १७७१ मध्ये तिथल्या एका डॉक्टरने त्याला पेलाग्रा म्हटलं, म्हणजे खरबरीत कातडी. लोकांनी ठरवलं, मकाच विषारी.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हा आजार अमेरिकेच्या दक्षिणेत पेटला. कापसाच्या मळ्यांवरची गरीब माणसं मक्याचं पीठ, काकवी आणि डुकराच्या चरबीवर जगत होती. त्यात नव्या गिरण्यांनी दाण्याचा कोंबही काढून टाकायला सुरुवात केली होती. चार दशकांत सुमारे तीस लाख लोक आजारी पडले आणि एक लाख गेले, असा अंदाज आहे. बरेच डॉक्टर म्हणत होते, हा संसर्ग आहे. १९१४ मध्ये सरकारने जोसेफ गोल्डबर्गर नावाच्या डॉक्टरला पाठवलं. तो वेड्यांच्या इस्पितळांत आणि अनाथाश्रमांत गेला आणि त्याला एकच गोष्ट खटकली. आतले लोक आजारी पडतात, त्यांची शुश्रूषा करणारे पडत नाहीत. साथीचा रोग असा माणसं निवडतो का? त्याने अनाथाश्रमातल्या मुलांना दूध, अंडी, मांस, घेवडा द्यायला लावला. आजार निघून गेला. तरी लोक मानेनात, तेव्हा त्याने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी रोग्यांच्या अंगावरच्या खपल्या आणि विष्ठा पिठात मिसळून गिळल्या. त्याच्या बायकोने रोग्याचं रक्त स्वतःच्या अंगात टोचून घेतलं. कुणालाही काही झालं नाही. १९२९ मध्ये तो वारला तेव्हाही नेमकं काय कमी पडतं हे सापडलं नव्हतं. १९३७ साली कॉनराड एल्वेहिम या शास्त्रज्ञाने ते नायसिन असल्याचं दाखवलं.

मी गृहविज्ञान शिकवायची तेव्हा दर वर्षी हा धडा आला की गोल्डबर्गरच्या बायकोपाशी थांबायची. आजार गरिबीचा आहे, माणसाच्या रक्तात नाही, हे सिद्ध करायला त्या बाईने आपलं अंग सुईपुढे केलं. मुली अगदी गप्प व्हायच्या.

सासूबाईंना हे सांगताना दुसरी बाजूही सांग, नाहीतर त्यांना वाटेल सून शाळवाला नावं ठेवते. हाच पेलाग्रा आपल्या दख्खनमध्येही होता, आणि मका न खाणाऱ्या माणसांत. हैदराबादला डॉ. सी. गोपालन आणि श्रीकांतिया यांनी १९६० मध्ये मांडलं की नुसत्या जोंधळ्यावर जगणाऱ्या मजुरांना हा आजार होतो. जोंधळ्याच्या प्रथिनात ल्युसिन नावाचा घटक जास्त असतो, तो नायसिनच्या आड येतो, असा त्यांचा विचार होता. म्हणजे दोष एकट्या मक्याचा नव्हता. ताटात एकच धान्य उरलं आणि डाळ, ताक, पालेभाजी गेली, की कुठलंही धान्य वैरी होतं.

आपल्याकडे मक्याची बदनामी आणखी एका वाटेने झाली. माझ्या वयाच्या माणसांना शाळेतलं पिवळं उप्पिट आठवत असेल. परदेशी मदतीच्या गोणीतून आलेला रवा, मोठ्या पातेल्यात शिजवलेला. १९७२ च्या दुष्काळात रेशनवर लाल मिलो आला, तो खरं तर परदेशी जोंधळा. पण घरोघरी हे सगळं एकाच खात्यात जमा झालं. दुसऱ्याने दिलेलं, जनावराच्या लायकीचं, अडचणीत गिळायचं. सासूबाईंचं वय पाहता त्यांच्याही ताटात ते पडलं असणार. कधी निवांतपणे विचार त्यांना. मक्याची भाकरी नाकारणारी बाई कधीकधी एक जुनं वर्ष नाकारत असते.

आता तुझ्या चुलीकडे येऊ.

रोजच्या शाळवाच्या भाकरीच्या जागी मका आणू नकोस. आठवड्यातून दोन-तीन वेळा कर, आणि तेव्हा ताटात मक्याची सोबत असू दे. ज्यांनी आपल्या देशात मका मनापासून खाल्ला, त्यांनी चुना नसला तरी सोबत बरोबर शोधली. सातपुड्यात नंदुरबारकडचे पावरा आणि भिल्ल मक्याच्या भाकरीबरोबर उडदाची डाळ खातात. पंजाबात मोहरीचा पाला आणि लोणी. राजस्थानात मक्याचं पीठ ताकात शिजवून राबडी करतात. तू हुलग्याचं माडगं कर, मटकीची उसळ कर, झुणका कर, शेंगदाण्याची चटणी आणि वाटीभर ताक दे. पीठ नेहमी ताजं दळून आण, आठवड्यापुरतंच. कोंबासकट दळलेल्या पिठाला तेल सुटतं आणि ते लवकर खवट होतं. भाकरी तुटते अशी तुझी तक्रार असणारच. मक्यात चिकटपणा नाही, म्हणून पाणी उकळून पिठात ओत, झाकून ठेव, कोमट झाल्यावर तळहाताने चांगलं मळ आणि लहानच थाप.

आणि एकदा चुन्याची रीत करून बघच. किलोभर वाळका दाणा निवडून घे. स्टीलच्या पातेल्यात तीन लिटर पाणी आणि पानाला लावतो तो चुना, एक सपाट मोठा चमचा, नीट विरघळवून घे. अॅल्युमिनियमचं पातेलं अजिबात नको, चुना त्याला खातो. भिंतीचा चुना नको, कळीचा चुना तर नकोच, तो हात भाजतो. दाणा टाकून तासभर मंद शिजव. साल बोटाने सुटायला लागली की गॅस बंद कर आणि रात्रभर झाकून ठेव. सकाळी तीन-चार पाण्यांनी चोळून धू, साल निघून जाईल. मग ओलाच बारीक वाट. वाटलेलं पीठ केळीच्या पानावर थापून तव्यावर टाक. वास असा येतो की शेजारीण विचारायला येईल. एक सांगते, बुरशीचा दाणा चुन्याने शुद्ध होतो अशा भरवशावर राहू नकोस. पोत्याचं मी आधी लिहिलं ते लिहिलंच. आणि मामंजींना मूतखड्याचा किंवा मूत्रपिंडाचा त्रास असेल तर चुन्याची भाकरी देण्याआधी डॉक्टरांना विचार.

मामंजींच्या साखरेचं म्हणशील तर मका विषही नाही आणि औषधही नाही. वाळक्या मक्यात शंभर ग्रॅमला सत्तर ग्रॅमच्या आसपास पिष्ट पदार्थ असतात, शाळवातही जवळपास तेवढेच. म्हणून शाळवाच्या एका भाकरीच्या जागी मक्याची एक भाकरी चालेल, तिच्या जोडीला आणखी एक नाही. सोबत उसळ, भाजी आणि ताक असलं की साखर हळू चढते. घरी साखर मोजायचं यंत्र असेल तर जेवल्यावर दोन तासांनी मोजा, एकदा शाळवाच्या दिवशी आणि एकदा मक्याच्या दिवशी. त्यांचं शरीर काय म्हणतं ते आकडे सांगतील, ते घेऊन डॉक्टरांकडे जा. गोळ्या मात्र आपल्या मनाने कमी करायच्या नाहीत. आंबोलीच्या रस्त्यावर पावसात भाजलेलं कणीस दिसलं तर एक खाऊ दे त्यांना. मग त्या जेवणात एक भाकरी कमी.

मुलीला सांग, मक्यावरचा तिचा विश्वास बरोबर आहे, डबा चुकीचा आहे. कॉर्नफ्लेक्समध्ये कोंब आणि साल काढून टाकलेली असते, दाणा शिजवून, दाबून, भाजून इतका पातळ केलेला असतो की तो साखर झटकन वाढवतो. आजोबांसाठी तर ते नकोच. घरात आठ पोती असताना दुकानातून मका विकत आणायचा, हे तिलाच एकदा मोठ्याने म्हणायला लाव.

दिरांचा फोटो खरा आहे, देऊळही खरं आहे. सोमनाथपूरचं केशव मंदिर, तेराव्या शतकातलं. मी त्या मूर्तींपुढे बराच वेळ उभी राहिले आहे, आणि हातातली ती दाणेदार लांबट वस्तू कणसासारखी दिसते हे मी मान्य करते. १९८९ मध्ये जोहानेसन आणि पार्कर या अमेरिकन अभ्यासकांनी तो मकाच आहे असं लिहिलं. चार वर्षांनी पायक आणि सचान या भारतीय मका-तज्ज्ञांनी ते खोडलं. ते मोत्यांचं कल्पित फळ आहे, मुक्ताफळ, असं त्यांचं म्हणणं, आणि मला ते पटतं. एखादं धान्य शेतात आलं की ते फक्त देवाच्या हातात दिसून थांबत नाही. ते पाककृतीत येतं, कराच्या नोंदीत येतं, ओवीत येतं. जोंधळा आपल्या ओव्यांत ठायी ठायी आहे. दिरांना दुखवू नकोस, पण मका आपला ठरवायला त्याला आठशे वर्षं मागे न्यायची गरज नाही.

नैवेद्याचं म्हणशील तर सासूबाईंना एकादशीचं ताट दाखव. बटाटा, शेंगदाणा, साबूदाणा, हिरवी मिरची, आपल्या बेळगाव तालुक्यातलं रताळं. ही सगळी मक्याच्याच बाजूची पाहुणी, समुद्रापलीकडून आलेली. ज्या ब्याडगी मिरचीवाचून त्यांच्या माहेरची आमटी होत नाही, ती मिरचीसुद्धा. यांना आपण उपवासाला बसवलं. मक्याला अजून ओट्यावर बसू दिलं नाही, एवढाच फरक. तरीही देवघर त्यांचं आहे. तिथे मक्याचा आग्रह धरू नकोस. नव्या धान्याची पहिली मूठ त्यांना आपणहून वाहावीशी वाटली तर वाहतील.

ह्यांच्यावर कुणी रागावलं असेल तर तेही थांबव. शाळवाला पाखरं राखायची, काढणीला बायका मिळत नाहीत. मका साडेतीन महिन्यांत हाती येतो आणि कोंबडीखाद्याला, स्टार्चला, इथेनॉलला तो लागतोच, म्हणून माणसं तिकडे वळली. २०२५-२६ च्या हंगामाला हमीभाव क्विंटलला २,४०० रुपये जाहीर झाला होता. जाहीर झालेला भाव अडत्याच्या तोंडून ऐकायला मिळत नाही हे तू पाहिलंसच. चार एकर पणाला लावण्यापेक्षा पुढच्या वर्षी अर्धा एकर तरी शाळवाला राखा. घरची भाकरी होईल आणि कडबाही होईल, मक्याच्या ताटांना कडब्याची सर नाही. आणि मक्यात तुरीची किंवा चवळीची इरवड घाला. सासूबाई त्याला अक्कडी म्हणतील. मेक्सिकोच्या बाईने मका आणि घेवडा एका रानात लावला तो हाच विचार. लष्करी अळीवर मात्र डोळा ठेवा. २०१८ मध्ये ती देशात पहिल्यांदा आपल्याच राज्यात, शिमोग्याकडे सापडली. कोवळ्या पोंग्यात भुसा पडलेला दिसला की तेव्हाच धरायची.

राहिलं सासूबाईंना समजावणं. समजावू नकोस. मी वर एवढं पुराण लिहिलं ते तुझ्यासाठी, त्यांच्यापुढे वाचून दाखवायला नाही. गोकाककडच्या बाईला पुंडी पल्या येतो, आंबट पुंडीची भाजी, डाळ आणि जोंधळ्याची कणी घालून केलेली, वरून लसणाची फोडणी. बाजारातून पुंडीची जुडी आण. गिरणीवाल्याकडून दोन किलो मका भरडून आण, पीठ चाळून काढ आणि कणी वेगळी कर. त्या कणीला नुच्चु म्हणतात, तो शब्द त्यांच्याच तोंडून ऐक. मग पाट त्यांच्यापुढे ठेवून म्हण, "अत्ती, मला ही भाजी जमत नाही. कणी मक्याची आहे, ती किती भिजवायची आणि डाळ किती घालायची, तुम्ही सांगा." त्या ओरडतील, मक्याची कणी लवकर शिजत नाही म्हणतील, रात्रीच भिजत घालायला हवी होती म्हणतील. खरंच आहे ते. रात्री भिजत घाल, आणि दुसऱ्या दिवशी पळी त्यांच्या हातात दे.

तुझी,
आक्का